सावित्रीमाईंचा स्पर्श

दरवर्षी ३ जानेवारीच्या भाषणांत भिडेवाडा येतो, अंगावर फेकलेले शेण-चिखल येतात. सावित्रीमाईंच्या हातांविषयी मात्र फारसे बोलले जात नाही. नांदेड-लातूरच्या खेड्यांत आमच्या आजी-आजोबांच्या ओंजळीत पाणी वरून ओतले जाई. ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या स्पर्शच नाकारला गेला, त्या आम्हांला माईंचे चरित्र वाचताना आधी हात दिसतात.

१८३१ साली नायगावी जन्मलेल्या माई १८४८ पासून पुण्यात मुलींना शिकवू लागल्या. १८६८ साली फुले दांपत्याने घरचा हौद अस्पृश्यांसाठी खुला केला. हे सर्वज्ञात आहे. आम्हांला थांबावेसे वाटते ते १८६३ च्या बालहत्या प्रतिबंधक गृहापाशी.

त्या काळी उच्चवर्णीय विधवेच्या देहावर तिचा सोडून सर्वांचा अधिकार चाले. घरातलाच कुणी तिला फसवी वा बळजबरी करी. दिवस गेले की कलंक तिचा. केशवपनासाठीही तिला कुणी विचारीत नसे. (१८९० साली सत्यशोधक नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने मुंबईच्या नाभिकांनी असे केशवपन नाकारले, ते याच विचारातून.) अशा विधवांना जोतीराव-सावित्रीबाईंनी जाहीरपणे कळविले, की येथे गुप्तपणे बाळंत व्हावे आणि मूल सोबत न्यावे की ठेवावे, हे आईने आपल्या खुशीने ठरवावे. जिला आजवर कुणी काही विचारले नव्हते, तिला हा प्रश्न विचारला गेला. बाळंतपणे माईंच्या देखरेखीखाली होत. काशीबाई नावाच्या विधवेचे मूल दांपत्याने दत्तक घेतले; तोच यशवंत.

आमच्यासारख्या निवासी शाळेला हे विशेष लागू आहे. आईपासून प्रथमच दूर आलेल्या लेकराला ताप आला, तर कपाळावर हात हवाच. परंतु तेच लेकरू पाहुण्यांनी जवळ ओढताच अंग चोरत असेल, तर त्याला आग्रह का करावा? लाजाळू आहे म्हणून आपण हसतो. विटाळाविरुद्ध लढलेल्या समाजाने नकोशा स्पर्शाला नाही म्हणण्याचा हक्कही तितकाच जपला पाहिजे, असे आमचे स्पष्ट मत आहे.

१८९७ साली पुण्यात प्लेग पसरला. डॉक्टर झालेल्या यशवंतरावांनी हडपसरजवळ ससाणे यांच्या माळावर दवाखाना उघडला. मुंढव्याच्या महारवाड्यात पांडुरंग बाबाजी गायकवाड यांचा मुलगा आजारी होता. सख्खे नातलगही प्लेगच्या रोग्याजवळ जायला धजत नसत, तेव्हा पासष्टी ओलांडलेल्या माईंनी त्याला पाठीवर घेऊन दवाखान्यात आणले.

त्याच मार्च महिन्यात रँडच्या हुकमाने गोरे शिपाई पुण्याच्या घरांत शिरले. बायकांची अंगे परक्या पुरुषांनी तपासल्याच्या तक्रारी झाल्या, शहर संतापले. रोग आवरण्याचाच हेतू होता. विचारण्याची गरज मात्र कुणाला वाटली नव्हती. माईंनी ते पाहिले नाही. त्या मुलाची सेवा करताना जडलेल्या प्लेगनेच १० मार्च १८९७ रोजी त्यांचे निधन झाले होते.