विली हास

विली हास यांचा जन्म 7 जून 1891 रोजी प्राग शहरी एका ज्यू कुटुंबात झाला. प्राग हे चेक लोकांचे नगर. परंतु हास यांची मातृभाषा जर्मन होती. पहिल्या महायुद्धात सैनिक म्हणून सेवा केल्यावर ते बर्लिनला गेले, चित्रपटांची परीक्षणे लिहू लागले आणि त्यातूनच पटकथालेखनाकडे वळले.

तो मूकपटांचा काळ होता. पात्रांच्या तोंडी वाक्ये घालण्याची सोय नव्हती. पडद्यावर अधूनमधून चार शब्द झळकत, तेवढेच. बाकी सारे सुखदुःख नुसत्या चेहऱ्यांतून आणि हालचालींतून उमटावे, अशा बेताने लेखकाला प्रसंग रचावे लागत. हे काम दिसते तितके सोपे नाही! 1925 साली पाब्स्ट यांनी दिग्दर्शित केलेल्या एका मूकपटाची पटकथा हास यांनी लिहिली. त्याच्या नावाचा अर्थ ‘जिथे आनंद नाही अशी गल्ली’. युद्धानंतरच्या महागाईने गांजलेले व्हिएन्ना शहर, खाटकाच्या दुकानापुढे रांगेत ताटकळणारे भुकेले लोक, असे त्याचे विदारक चित्र आहे. पुढे जगद्विख्यात झालेली ग्रेटा गार्बो ही नटी त्यात होती.

1933 साली हिटलर सत्तेवर आला. ज्यू लेखकांना जर्मनीत थारा उरला नाही. हास प्रागला परतले; पण 1939 च्या मार्चमध्ये जर्मन फौजा तेथेही शिरल्या. अशा वेळी मिलेना येसेन्स्का या पत्रकार स्त्रीने त्यांच्या हाती एक ठेव दिली. थोर लेखक फ्रान्झ काफ्का यांनी तिला लिहिलेली ती पत्रे होती. पळून जाणाऱ्याने ती बरोबर नेणे शक्य नव्हते. हास यांनी ती प्रागमध्येच विश्वासू माणसांकडे ठेवली आणि मुंबई गाठली.

येथे दिग्दर्शक मोहन भवनानी यांच्या चित्रसंस्थेसाठी ते पटकथा लिहू लागले. त्याच वर्षी युद्ध पेटले. मालाडच्या बॉम्बे टॉकीजमधील जर्मन दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन यांना ब्रिटिश सरकारने स्थानबद्ध केले. हास मात्र हिटलरच्या भयाने परागंदा झालेले. त्यांना या देशाने आसरा दिला. युद्धाची सारी वर्षे त्यांनी हिंदुस्थानात काढली.

मिलेना 1944 साली जर्मनांच्या छळछावणीत मरण पावली. पत्रे मात्र सुखरूप राहिली. युद्धानंतर युरोपात परतलेल्या हास यांनी 1952 साली ती संपादून प्रसिद्ध केली. हांबुर्गच्या एका दैनिकात लेखन करीत त्यांनी उर्वरित आयुष्य घालविले. 4 सप्टेंबर 1973 रोजी त्याच शहरी त्यांचे निधन झाले.