अल-ख्वारिज्मी : वारसाच्या हिशेबातून बीजगणित घडवणारा विद्वान

आपली मुलं शाळेत ज्याला ‘अल्जिब्रा’ म्हणून घाबरतात, तो शब्द मुळात अरबी आहे, ‘अल-जब्र’. बाराशे वर्षांपूर्वी बगदादमध्ये लिहिलेल्या एका किताबाच्या नावातून तो जगभर गेला. लिहिणारे होते मुहम्मद बिन मूसा अल-ख्वारिज्मी.

त्यांचा जन्म इ.स. ७८० च्या सुमारास झाला. नावावरून त्यांचं मूळ ख्वारिज्मचं, म्हणजे आजच्या उझबेकिस्तानकडचं. खलिफा मामूनच्या काळात (८१३ ते ८३३) ते बगदादच्या ‘बैतुल हिकमा’ या ज्ञानकेंद्रात काम करत. खगोल, भूगोल, भारतीय अंकपद्धती या सगळ्यांवर त्यांनी लिहिलं. पण त्यांचं नाव राहिलं ते अल-जब्रच्या किताबामुळे.

हा किताब त्यांनी रोजच्या गरजेसाठी लिहिला. व्यापार, जमिनीची मोजणी, कालव्यांचं काम आणि मुख्य म्हणजे वारसा. किताबाचा मोठा भाग वसियत आणि वाटणीच्या हिशेबांचाच आहे.

त्यातलं एक उदाहरण बघा. एक बाई वारली. मागे नवरा, एक मुलगा, तीन मुली. तिने एका परक्या माणसाला मालमत्तेचा एक अष्टमांश आणि एक सप्तमांश देण्याची वसियत केली होती. अल-ख्वारिज्मींनी एकूण मालमत्तेचे ११२० भाग केले. वसियतीचे ३०० गेले, उरले ८२०. त्यातले नवऱ्याला २०५, मुलाला २४६ आणि प्रत्येक मुलीला १२३.

आकडे अवघड वाटतात ना? पण २०५, २४६ आणि १२३ या तिन्हींना ४१ ने पूर्ण भाग जातो. हाच त्यांचा मसावि. तो कंसाबाहेर काढला की ४१ × (५ + ६ + ३ + ३ + ३) असं दिसतं. आता हिशेब कुणालाही तपासता येतो. वीसपैकी ५ भाग, म्हणजे पाव हिस्सा नवऱ्याचा. मुलाला ६, मुलीला ३. मुलीचा हक्क कुणी दाबला, तर लगेच लक्षात येईल.

समीकरणातही त्यांनी हेच केलं. त्यांच्याकडे चिन्हं नव्हती, सगळं शब्दांत लिहिलेलं. आजच्या पद्धतीने लिहायचं तर त्यांचं एक उदाहरण असं : २क्ष² + १०क्ष = ४८. प्रत्येक पदात २ आहे, म्हणून त्यांनी सगळंच निम्मं केलं. उरलं क्ष² + ५क्ष = २४. आज आपण डावीकडे क्ष सुद्धा बाहेर काढतो : क्ष(क्ष + ५) = २४. क्ष ३ घेतला तर ३ × ८ = २४. त्यांचंही उत्तर ३ च होतं.

इ.स. ८५० च्या सुमारास त्यांचा इंतकाल झाला. ११४५ मध्ये या किताबाचा स्पेनमध्ये लॅटिन तर्जुमा झाला आणि ही विद्या युरोपात पसरली. संगणकवाले ज्याला ‘अल्गोरिदम’ म्हणतात, तो शब्दही त्यांच्याच नावावरून आला.

तेव्हा मुलगा किंवा मुलगी अवयव पाडताना अडली, तर एवढंच सांगा : आधी सगळ्या पदांत सामाईक काय आहे ते शोध, सर्वांत मोठं असेल ते बाहेर काढ, मग कंसात काय उरतं ते बघ. ज्याचं त्याला बिनचूक मिळावं, या गरजेतून हे गणित वाढलं आहे.