तादेउश वोम्नित्स्की : तालमीतच थांबलेला ‘लिअर’

पोलंडच्या रंगभूमीवरील थोर अभिनेते तादेउश वोम्नित्स्की यांचे 22 फेब्रुवारी 1992 रोजी पोझ्नान येथील नोव्ही नाट्यगृहात हृदयविकाराच्या झटक्याने निधन झाले. ‘किंग लिअर’ची तालीम सुरू असतानाच ते कोसळले. त्या वेळी ते 64 वर्षांचे होते. पहिला प्रयोग अवघ्या काही दिवसांवर आला होता.

18 जुलै 1927 रोजी पोदहाइत्से (आता युक्रेनमध्ये) या गावी त्यांचा जन्म झाला. महायुद्ध संपताच 1945 मध्ये क्राकूवच्या रंगभूमीवर त्यांनी पदार्पण केले. आंजेय वायदा यांच्या ‘अ जनरेशन’ (1955) या पहिल्या चित्रपटाचे ते नायक होते. 1962 मध्ये वॉर्सात एर्विन आक्सेर यांच्या दिग्दर्शनाखाली ब्रेश्टच्या नाटकातील आर्तुरो उई हा हिटलरसदृश गुंड त्यांनी साकारला आणि त्यांची गणना युरोपातील अग्रगण्य नटांत होऊ लागली. सेन्केविच यांच्या कादंबरीवरील चित्रपटात त्यांनी लहान चणीचा, पण तलवारबाजीत अजोड असा वोवोदियोव्स्की उभा केला. या भूमिकेसाठी 1969 च्या मॉस्को महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला.

मान आणि अधिकारपदे त्यांच्याकडे चालत आली. 1970 पासून ते वॉर्साच्या शासकीय नाट्यविद्यालयाचे प्रमुख होते. 1975 मध्ये ते सत्ताधारी कम्युनिस्ट पक्षाच्या केंद्रीय समितीवर गेले आणि 1976 मध्ये वोला या कामगारवस्तीत त्यांनी नवे नाट्यगृह उभारले. सत्तेशी असलेली ही जवळीक अनेक रंगकर्मींना रुचली नाही.

1981 साली चित्र पालटले. त्या वर्षी ‘अमाडेउस’मध्ये त्यांनी सालिएरी रंगवला, तर मोझार्टच्या भूमिकेत दिग्दर्शक रोमान पोलान्स्की स्वतः होते. मात्र त्याच वर्षी विद्यालय आणि नाट्यगृह या दोन्हींची सूत्रे त्यांच्या हातून गेली. डिसेंबरमध्ये लष्करी कायदा पुकारला जाताच त्यांनी पक्षाचा राजीनामा दिला.

उरलेल्या दशकात हाती पद नव्हते, होता तो केवळ अभिनय. 1985 मध्ये बेकेटच्या एकपात्री नाटकातील, स्वतःचाच जुना आवाज ऐकत बसलेला वृद्ध क्राप त्यांनी साकारला. त्यानंतर राज्य वाटून टाकून उघड्यावर पडलेल्या राजाची भूमिका त्यांनी हाती घेतली. ती प्रेक्षकांपर्यंत पोहोचलीच नाही.

वोलातील त्या रंगमंचाला पुढे तादेउश वोम्नित्स्की यांचेच नाव देण्यात आले.