फाइलवर १९१३, आत कोणतं वर्ष?

अंबरनाथला लोकलमध्ये चढलात आणि बसायला जागा नाही, तर तुम्ही काय करता? उभ्या उभ्या मोबाइल काढता. आज रील्स जरा बाजूला ठेवा आणि यूट्यूबवर ‘राजा हरिश्चंद्र’ शोधा. दादासाहेब फाळक्यांचा सिनेमा, फुकट. नावापुढे १९१३ असं वर्ष दिसेल. ते लक्षात ठेवा.

धुंडिराज गोविंद फाळके जन्मले त्र्यंबकेश्वरला, ३० एप्रिल १८७० रोजी. जे.जे.मध्ये चित्रकला, बडोद्याला कलाभवन, गोध्र्याला फोटोग्राफी. बदलापूरच्या पुढे कर्जत, मग घाट चढला की लोणावळा. तिथे त्यांनी रविवर्म्याच्या प्रेसचं काम केलं, पुढे स्वतःचा छापखाना काढला. भागीदारांशी बिनसलं आणि ऐन चाळिशीत गडी रिकामा झाला!

१९११ मध्ये गिरगावात ख्रिस्ताच्या जीवनावरचा मूकपट पाहिला आणि डोक्यात भुंगा शिरला. सिनेमे पाहून पाहून काही काळ दिसेनासं झालं, तरी थांबले नाहीत. विम्याची पॉलिसी गहाण टाकून १९१२ मध्ये लंडन गाठलं आणि विल्यमसन कॅमेरा आणला. आधी वाटाण्याचं रोप वाढताना टिपून दाखवलं, तेव्हा कुठे पैसे लावणारे भेटले. सरस्वतीबाई कच्च्या फिल्मला भोकं पाडायच्या, शिवाय अख्ख्या युनिटचा स्वयंपाक त्यांच्याकडे. (त्यांचं नाव क्रेडिट्समध्ये शोधत बसू नका.) तारामतीसाठी बाई मिळेना, म्हणून हॉटेलात काम करणारे अण्णा साळुंके साडी नेसले. रोहिदास झाला फाळक्यांचा मुलगा. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये सिनेमा लागला.

त्याची चार रिळं होती. आज पहिलं आणि शेवटचं उरलंय, आणि तीही १९१७ मध्ये फाळक्यांनी पुन्हा केलेल्या ‘हरिश्चंद्र’ची असावीत, असं काही अभ्यासकांचं मत आहे. पण एकाने अपलोड करताना १९१३ टाकलं, दुसऱ्याने कॉपी केलं, झालं!

तेव्हाची नायट्रेट फिल्म झटकन पेट घ्यायची, नाहीतर डब्यातच सडायची. कित्येक रिळं तर त्यांच्यातल्या चांदीसाठी भंगारात गेली. १९६४ मध्ये पुण्यात राष्ट्रीय फिल्म संग्रहालय सुरू झालं. तिथल्या पी. के. नायर यांनी फाळक्यांचं जे हाती लागलं ते जमवलं, म्हणून ‘कालिया मर्दन’ (१९१९) आज पाहता येतो. त्यात कृष्ण झालीय फाळक्यांची लेक मंदाकिनी. हा नक्की बघा, पोरगी भारी आहे.

नाव बदललं की सिनेमा कसा हरवतो, ते अमेरिकेत बघा. ऑस्कर मिशो हा तिथला कृष्णवर्णीय दिग्दर्शक. त्याचा १९२०चा ‘विदिन अवर गेट्स’ कित्येक वर्षं बेपत्ता होता. सापडला तो थेट स्पेनमध्ये, डब्यावर भलतंच स्पॅनिश नाव!

फाळक्यांचं पुढे काय झालं? कंपनीत भांडणं झाली, वैतागून काशीला गेले, परत आले. ‘सेतुबंधन’ पुरा होईस्तोवर बोलपट आले होते. १९३७चा ‘गंगावतरण’ हा त्यांचा एकमेव बोलपट. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी ते नाशिकला वारले.

प्रवासात एक रीळ बघून होईल. आणि फाइल सेव्ह केलीत, तर नावात १९१३च्या पुढे ‘की १९१७?’ एवढं टाइप करा.